खाटल्याखालचा इतिहास

'असेल माझा हरी, तर देईल खाटल्यावरी' ही म्हण ज्याने कुणी केली त्याने खाटल्यावर काय मिळतं याचा विचार केला. खाटल्याखाली काय असतं याचा केला नाही. मीही वयाची पंचावन्न वर्षं केला नव्हता. पलंग म्हटला की आपण गादी बघतो, फार तर डोक्याकडची नक्षी बघतो. गादी उचलून खाली डोकावण्याचे प्रसंग माणसाच्या आयुष्यात दोनच : घर बदलताना आणि हरवलेली किल्ली शोधताना. माझ्यावर तिसरा आला.

झालं असं, की गेल्या वर्षी आमचे आप्पा कोकणातलं घर बंद करून कायमचे आमच्याकडे राहायला आले. वय ब्याऐंशी. चौतीस वर्षं प्राथमिक शाळेत मास्तरकी केलेली. गावाला ते जन्मभर सुंभाने विणलेल्या बाजेवर झोपले. सुंभ जळला तरी पीळ जात नाही म्हणतात; आप्पांच्या बाबतीत तो बाजेतून निघून त्यांच्या अंगात शिरला असावा, असं आमच्या हिचं मत आहे. हे मत अर्थात फक्त स्वयंपाकघरात व्यक्त होतं, तेही कुकरची शिट्टी चालू असताना.

आप्पांसाठी मी एक पलंग आणला. दुकानदार म्हणाला, "साहेब, खाली पूर्ण बॉक्स आहे. गोधड्या, पातेली, जुनी पुस्तकं, काय वाट्टेल ते भरा." हे वाक्य हिच्या कानावर पडलं आणि व्यवहार तिथेच पक्का झाला. पलंगावर एक माणूसही झोपणार आहे, हा मुद्दा चर्चेला आलाच नाही. माणसाखाली गादी, गादीखाली अखंड प्लायवुड, आणि त्याखाली हिचं पुरणयंत्र, अशी ती रचना होती.

जून आला, पाऊस लागला. ऑगस्टात गादी उलटून पाहिली तर खालच्या अंगाला काळ्या-हिरव्या बुरशीचा नकाशा उमटलेला. आप्पांना खोकला लागला होता तो का, हे तेव्हा कळलं. आप्पा काही बोलले नाहीत. सतरंजी घेतली आणि जमिनीवर झोपू लागले. "पाठीला बरं असतं," एवढंच म्हणाले.

मग एका पहाटे पाचच्या सुमारास मी पाणी प्यायला उठलो. पाहतो तर अंधारात आप्पा टेबलाचा पाय दोन्ही हातांनी धरून उठायची खटपट करत होते. एकदा झालं, दोनदा झालं, तिसऱ्या खेपेला जमलं. हाक मारली असती तर मी चार पावलांवर होतो. पण हाक मारण्यापेक्षा त्यांना टेबलाशी कुस्ती परवडत होती. मी पुढे झालो नाही. न पाहिल्यासारखं करून अंथरुणावर येऊन पडलो. पाणी प्यायचं राहूनच गेलं.

सकाळी ठरवलं : आप्पांना पलंगावर परत न्यायचं. कोरड्या पलंगावर, आणि ज्यावरून त्यांना कुणाचा हात न धरता उठता येईल अशा. प्लायवुड काढायचं आणि त्या जागी आडव्या पट्ट्या टाकायच्या. दुकानात या पट्ट्यांना 'स्लॅट' म्हणतात. आमच्या गावी कौलांखाली ज्या रिपा असतात, त्याच या. फक्त तिथे वर कौल असतं, इथे वर वडील.

आता दुसरा एखादा माणूस सरळ वखारीत गेला असता. मी वाचनालयात गेलो. हा माझा जुना दुर्गुण. खिळा ठोकायचा तर आधी खिळ्याचा इतिहास वाचायचा, म्हणजे ठोकायचं काम आपोआप दुसरं कुणी तरी करतं.

पण या वेळी वाचून एक गोष्ट लक्षात आली. माणूस पलंगावर झोपतो असं आपण म्हणतो. प्रत्यक्षात तो बऱ्याच अंशी पोकळीवर झोपतो. पलंगाचा इतिहास हा लाकडाचा नाही, फटींचा इतिहास आहे.

1922 साली इजिप्तमध्ये तूतनखामेनचं थडगं सापडलं. त्या पोरसवदा राजाबरोबर परलोकी न्यायला पलंग दिले होते, त्यांत तीन घड्यांचा एक प्रवासी पलंगही होता. सव्वातीन हजार वर्षांपूर्वीचा. बैठक कसली, तर ताग्यांच्या विणीची जाळी! सोन्याने मढवलेल्या संस्कृतीलासुद्धा गादीखाली अखंड फळी ठोकावीशी वाटली नाही. ते शहाणपण आमच्या दुकानदारासाठी शिल्लक राहिलं होतं.

1333 साली इब्न बतूता हिंदुस्थानात आला. दिल्लीत मुहम्मद तुघलकाने त्याला काजी केलं. सुलतानाबद्दल त्याने बरंच बरं-वाईट लिहून ठेवलं आहे, पण खाटेबद्दल तक्रार नाही. इथली खाट इतकी हलकी की एकटा माणूस उचलतो, प्रवासाला निघताना प्रत्येकजण ती बरोबर नेतो. चार निमुळते पाय, चार आडवी लाकडं आणि मध्ये रेशमाची नाही तर सुताची वीण. झोपायला मऊ लागावी म्हणून आणखी काही घालावंच लागत नाही, असं तो कौतुकाने सांगतो.

ते वाचताना मला आमची गावची बाज आठवली. ती सैल पडली, मधोमध झोळी झाली, की आप्पा दर दिवाळीला पायथ्याकडची दोरी ओढून ताणून घ्यायचे. त्या विणीच्या फटींना आमच्या घरात फार मान. बाळंतिणीला बाजेवर निजवून खाली शेगडी ठेवायची, निखाऱ्यांवर ओवा नि बाळंतशेपा टाकायच्या, आणि ती ऊब, तो धूर फटींतून वर यायचा. माझं स्वतःचं या जगातलं पहिलं वास्तव्य असं खालून धुरी घेत झालं. प्लायवुडच्या बॉक्सवर ते झालं असतं तर मला फक्त पुरणयंत्राची संगत मिळाली असती.

फटींचा तोटा एकच : ढेकूण. खाट उन्हात टाकणं, आपटणं, आधणाचं पाणी ओतणं हे उद्योग ज्यांनी पाहिलेत त्यांना वेगळं सांगायला नको. लोखंडी पलंगाने एकोणिसाव्या शतकात जग जिंकलं त्यात ढेकणांचा वाटा मोठा आहे. फ्लॉरेन्स नाइटिंगेलबाईंनी 1860 च्या सुमारास शुश्रूषेवरचं आपलं पुस्तक लिहिलं, त्यात रोग्याला लोखंडी पलंगच द्यावा असा सल्ला आहे. खाली स्प्रिंगा, गादीच्या तळापर्यंत हवा खेळती, गादी पातळ, आणि पलंगाभोवती झालर अजिबात नको. कारण सोपं आहे. माणसाच्या अंगातली वाफ रात्रभर गादीत झिरपत असते. खालून वाट मिळाली तर ती निघून जाते. वाट बंद असेल तर तिथेच थंड होते आणि बुरशीला पाणी घालते. बाईंनी दीडशे वर्षांपूर्वी सांगितलेलं मला आप्पांच्या खोकल्यातून समजलं.

पण सगळ्यांत भेटला तो सहाव्या शतकातला वराहमिहिर. ग्रहणं, पाऊस, भूकंप यांतून सवड काढून या गृहस्थाने 'बृहत्संहिते'त पलंगांवर आणि आसनांवर अख्खा अध्याय लिहिला आहे. लाकूड कोणतं, तर इतरांबरोबर साग, चंदन, देवदार, शिसवी चालेल. वीज पडलेल्या, वाऱ्याने नाही तर हत्तीने पाडलेल्या झाडाचं नको. माप कुणाला किती, तेही ठरलेलं : राजाला शंभर अंगुलं, राजपुत्राला नव्वद, मंत्र्याला चौऱ्याऐंशी, सेनापतीला अठ्ठ्याहत्तर आणि पुरोहिताला बहात्तर. चोवीस अंगुलं म्हणजे एक हात, म्हणजे दीड फूट धरला, तर पुरोहित साडेचार फुटांत! बिचारा पाय पोटाशी घेऊन राज्याचं कल्याण चिंतीत असणार. 'अंथरूण पाहून पाय पसरावे' हे पहिल्यांदा त्यालाच सुचलं असेल.

या यादीत प्राथमिक शिक्षक नाही. पण गंमत बघा. आप्पांची गादी पंचाहत्तर इंचांची. शंभर अंगुलं म्हणजे बरोबर पंचाहत्तर इंच! मी हे आप्पांना सांगितलं. ते म्हणाले, "राजाचं माप आहे ना? मग पेन्शनही त्या मापाने मिळते का बघ."

इतक्या तयारीनिशी मी आधी एका मोठ्या दुकानात गेलो. तिथे विलायती तऱ्हेच्या पट्ट्या होत्या. बीच किंवा बर्च लाकडाचे पातळ थर चिकटवून केलेल्या, वरच्या बाजूला किंचित कमानदार, टोकांना रबराच्या टोप्या. अंग टाकलं की कमान दबते, उठलं की परत वर येते. जर्मनी आणि स्वित्झर्लंडकडच्या लोकांनी 1950 च्या दशकात ही युक्ती बाजारात आणली. म्हणजे लाकडालाच बाजेसारखं लवायला शिकवलं. चीज उत्तम, पण किंमत ऐकून कमान माझीच दबली, आणि ती काही परत वर येईना.

मग वखार. बरोबर आमचे मिस्त्री. मी म्हटलं, "अर्ध्या इंचाच्या पट्ट्या घेऊ, स्वस्त पडतील." मिस्त्री म्हणाले, "एक इंच घ्या. जाडी दुप्पट केली तर पट्टी दुप्पट नाही, आठपट ताठ होते." मला वाटलं विक्रेत्याशी संगनमत असेल. पण हिशेब खरा आहे. रुंदी दुप्पट केली तर ताठपणा दुप्पटच. जाडी दुप्पट केली तर दोन गुणिले दोन गुणिले दोन. दामदुप्पट योजना ऐकल्या होत्या, दुप्पट दामात आठपट देणारी ही पहिलीच.

वराहमिहिराने लाकडातल्या भोकांचे सहा प्रकार सांगितलेत. त्यातलं एक 'सूकरनयन', डुकराचा डोळा, फळ शस्त्रभय. एका पट्टीत मधोमध गाठ सुटून पडलेली दिसली तेव्हा मी आनंदाने ओरडलो, "सूकरनयन!" वखारवाल्याने चमकून मागे पाहिलं. मिस्त्रींनी ग्रंथ न वाचताच ती पट्टी बाजूला टाकली. गाठीपाशी लाकडाचे तंतू वळसा घेतात, पट्टी मोडते ती तिथेच. "बारीक गाठ टोकाला चालंल," ते म्हणाले, "मध्ये नाय." मग दोन विटांवर एकेक पट्टी आडवी ठेवून त्यावर उभं राहायची परीक्षा. परीक्षक म्हणून माझी निवड झाली. वजनामुळे. सोळा पट्ट्यांपैकी एक नापास झाली. तिचा निकाल माझ्या घोट्याला पुढे आठवडाभर कळत होता.

बसवायचा रविवार उजाडला. पलंगाच्या दोन्ही बाजूंना आतून आधाराची पट्टी स्क्रूने पक्की केली. मग गणित : पट्टी तीन इंच, फट दोन इंच. आप्पांची गादी कापसाची. फट याहून मोठी ठेवली तर कापूस त्यात उतरून गठ्ठे होतात. पंधरा पट्ट्यांचे पंचेचाळीस इंच, चौदा फटींचे अठ्ठावीस, दोन टोकांना एकेक. झाले पंचाहत्तर. म्हणजे पाच हिश्शांतले दोन हिस्से निव्वळ हवा.

प्रत्येक फट टेपने मोजणार होतो. खुर्चीत बसून पाहणारे आप्पा म्हणाले, "दोन इंचांचा एक ठोकळा काप, आणि तोच सरकवत जा. मुलांना मी असंच शिकवत होतो." ठोकळ्याने काम चौपट वेगात झालं. टोकाला स्क्रू एकेकच, आधी भोक पाडून. लाकूड पावसात रुंदीला फुगतं, लांबीला जवळजवळ नाहीच. दोन स्क्रूंनी जखडलं तर चिरतं. लाकडावर लाकूड घासून कुरकुर होऊ नये म्हणून प्रत्येक टोकाखाली सायकलच्या जुन्या ट्यूबचा तुकडा घातला. शेवटी आप्पांना उभं करून गुडघ्यापर्यंतची उंची घेतली आणि गादीसकट पलंग तेवढाच होईल असे पाय कापले. बसलं की तळवे जमिनीला टेकले पाहिजेत, मग उठायला टेबल लागत नाही.

पट्ट्या उघड्या असताना आप्पा बराच वेळ पाहत राहिले. म्हणाले, "चांगलं झालं. शेवटच्या वाहनालासुद्धा अशाच आडव्या कामट्या असतात. सवय होईल."

"अहो आप्पा, तिन्हीसांजेचं काय बोलता!" ही म्हणाली, आणि पुरणयंत्र कुठे ठेवायचं याची कुरकुर त्या दिवसापुरती विसरली.

एक चूक मात्र राहिली. मी पट्ट्या दोन्ही टोकांकडून बसवत आलो, आणि मधल्या आठव्या पट्टीशी पोहोचलो तेव्हा ट्यूब संपली होती. उठताना माणूस बसतो तो बरोबर तिथेच. त्यामुळे रोज पहाटे पाचला आप्पांच्या खोलीतून एक 'कुर्रर्र' ऐकू येतं. मागोमाग चपलांचा आवाज, मग नळाचा.

ही म्हणते, "अहो, ट्यूबचा एवढासा तुकडा तो काय! किती दिवस सांगतेय." मी म्हणतो, आणतो, उद्या आणतो. सायकलवाल्याचं दुकान कोपऱ्यावर आहे. रोज तिथून जातो.

पण पहाटे ते 'कुर्रर्र' झालं की मी कूस बदलतो. आप्पा उठले, आपले आपण उठले. मग मला झोप फार छान लागते.