शांबरी विद्या

गेलेल्या काळात किंवा न पाहिलेल्या लोकात क्षणभर डोकावता येईल असे एखादे यंत्र हाती असावे, असे इतिहासाच्या अभ्यासकास दिवसातून दोनदा तरी वाटते. महाभारतकारांनी संजयाला दिव्यदृष्टी देऊन धृतराष्ट्राची सोय केली. आमच्या खेड्यांतून अंजन घालून हरवलेली म्हैस कोणत्या ओढ्याला आहे ते सांगणारे लोक असत; म्हैस सापडे की नाही, हा प्रश्न वेगळा. पण मी ज्या यंत्रापासून सुरुवात करणार आहे ते काल्पनिक नव्हे. एकोणिसाव्या शतकाच्या अखेरच्या दशकात कल्याणच्या महादेव गोपाळ पटवर्धन यांनी ते लोकांपुढे आणले आणि त्याला 'शांबरिक खरोलिका' असे भारदस्त नाव दिले.

खरोलिका म्हणजे दिवा, कंदील. शांबरिक हा शब्द शंबरासुरावरून आला. हा असुर मायावी; प्रद्युम्नाला त्याने लहानपणीच पळविले आणि पुढे मायावतीकडून मायाविद्या शिकून प्रद्युम्नानेच त्याला मारले, ही भागवतातील कथा आपल्याला ठाऊक आहे. 'शांबरी' म्हणजे माया, इंद्रजाल. युरोपात ज्याला जादूचा कंदील म्हणत आणि ज्याचा शोध १६५९ च्या सुमारास डच शास्त्रज्ञ हायगेन्स याने लावला, त्याला इतके आपलेसे नाव दुसऱ्या कोणी दिल्याचे माझ्या पाहण्यात नाही.

रचना साधी. पेटीत दिवा, दिव्यापुढे काचेवर रंगविलेले चित्र, चित्रापुढे भिंग आणि समोर पांढरा पडदा. भिंगातून प्रतिमा उलटी पडते, म्हणून काच मुळातच उलटी घालावी लागते. राम सिंहासनावर सरळ बसावा यासाठी त्याला पेटीत डोके खाली, पाय वर असे ठेवणे भाग असते. पटवर्धन एका प्रसंगाच्या अनेक काचा रंगवून घेत आणि त्या भराभर बदलीत, त्यामुळे चित्र हलल्यासारखे वाटे. अंधारात निवेदन आणि गाणेही चाले. रामायण-महाभारतातील कथा अशा रीतीने पडद्यावर आल्या, त्या वेळी फाळक्यांचा 'राजा हरिश्चंद्र' यायला (तो १९१३ चा) अजून अवकाश होता.

आता सांगलीकडे वळू. आडनाव तेच आले म्हणून कल्याणच्या पटवर्धनांचे नाते सांगलीच्या राजघराण्याशी जोडू नका. माझा संबंध खेळापुरता आहे. कर्नाटकातून आलेल्या भागवत मंडळींचे खेळ पाहून चिंतामणराव आप्पासाहेब पटवर्धन यांनी विष्णुदास भाव्यांना मराठीत तसे काही करावयास सांगितले, आणि ५ नोव्हेंबर १८४३ रोजी सांगलीत 'सीतास्वयंवर' झाले. तो दिवस आपण मराठी रंगभूमी दिन म्हणून पाळतो. सूत्रधार सर्व पदे म्हणे, पात्रे आपापल्या बुद्धीप्रमाणे भाषणे करीत, राक्षस आरोळ्या ठोकीत येत. त्या आरोळीवरूनच पुढे या नाटकांना थट्टेने 'अलल्डुर्र' नाटके म्हणू लागले. थट्टा करणारे सुशिक्षित होते. समोर बसलेला शेतकरी मात्र राक्षसाला पाहून खरोखर मागे सरकत असावा. विष्णुदासांनी लाकडी बाहुल्याही केल्या होत्या. सूत्राने हलणारी सीता काय आणि काचेवर हलणारी सीता काय, विद्या एकच.

ही विद्या सांगलीत १८४३ सालीच का प्रकट झाली? तारखांकडे पाहा. १८१८ मध्ये पेशवाई बुडाली. साताऱ्यास इंग्रजांनी १८१९ च्या तहाने छत्रपती प्रतापसिंहांचे लहानसे राज्य मांडून दिले आणि १८३९ च्या सप्टेंबरात त्याच प्रतापसिंहांना पदच्युत करून काशीस पाठविले. म्हणजे 'सीतास्वयंवरा'च्या चारच वर्षे आधी! १८४७ मध्ये ते काशीतच वारले. पुढच्या वर्षी त्यांचे बंधू शहाजी गेले आणि राज्य खालसा करण्याचा निर्णय झाला. ज्या संस्थानिकांना युद्ध करण्याची मोकळीक उरली नव्हती, त्यांच्या वाड्यात धनुष्यभंग होऊ लागला. माझे हे अनुमान आहे, पुरावा नव्हे. आप्पासाहेबांची रसिकता त्यात नव्हती असेही मी म्हणत नाही.

एके काळी मी असल्या खेळांना इतिहासाचे शत्रू मानीत असे. कारण साताऱ्यात दुसरेही एक यंत्र होते. दत्तात्रय बळवंत पारसनीस (१८७०–१९२६) यांनी हयातभर मोडी कागद, चित्रे, दप्तरे जमविली आणि 'इतिहाससंग्रह' मासिकातून ती वाचकांपुढे ठेवली. त्यांचा संग्रह पुढे १९३९ साली पुण्यास डेक्कन कॉलेजात गेला. साताऱ्याच्या माणसाला ती गोष्ट आजही थोडी बोचते. पारसनिसांच्या यंत्रात दिवा आपण आणावा लागतो, काच रंगविण्याची मुभा नाही, आणि पुष्कळदा पडद्यावर दिसते ते एवढेच की अमक्या गावच्या पाटलाने घोड्याच्या दाण्याची बाकी भागविली नाही. पण ती बाकी खरी असते.

हा विरोध माझ्या मनात पुसट झाला तो एका जुन्या आठवणीने. पुसेगावच्या सेवागिरी महाराजांच्या यात्रेत आम्ही मुले तंबूतला सिनेमा पाहावयास गेलो होतो. खाली गवत, वर कापड, मागे घरघरणारे यंत्र. पडद्यावर शिवाजीमहाराज गडाच्या दरवाजातून आत आले, तेव्हा माझ्या शेजारचा म्हातारा हात जोडून उभा राहिला आणि मागच्यांनी ओरडा केला तरी बसेना. घरी येताना मी वडिलांना विचारले, गड खरेच असा होता का? वडील शिक्षक. ते म्हणाले, "ठाऊक नाही. रविवारी अजिंक्यताऱ्यावर जाऊ."

रविवारी गेलो. पडलेला तट, निवडुंग, एक तळे आणि खाली सातारा शहर. दरवाजा मात्र उभा होता. मी त्यातून आत गेलो, परत बाहेर आलो, आणि पुन्हा आत गेलो. वडील खाली दगडावर बसून होते. त्यांनी घाई केली नाही.