दिनविशेष : ३१ जानेवारी
घाटंजीतील बारा बालके

२०२१ : यवतमाळ जिल्ह्यातील घाटंजी तालुक्यात, कापसी-कोपरी येथे पल्स पोलिओ मोहिमेच्या दिवशी पाच वर्षांखालील १२ बालकांना लसीऐवजी हॅन्ड सॅनिटायझरचे थेंब पाजले गेले. काही मुलांना मळमळ, उलट्या सुरू झाल्या. सर्वांना यवतमाळच्या वसंतराव नाईक शासकीय वैद्यकीय महाविद्यालयाच्या रुग्णालयात दाखल करण्यात आले. उपचारानंतर सर्व बालके बचावली. जबाबदार कर्मचाऱ्यांवर कारवाई झाली.

पोलिओचा विषाणू चेतापेशींवर हल्ला करतो. त्यातून कायमचे अपंगत्व येऊ शकते. त्यावर औषध नाही, लस हाच उपाय. देशातला नैसर्गिक (वाइल्ड) पोलिओ विषाणूचा शेवटचा रुग्ण १३ जानेवारी २०११ रोजी पश्चिम बंगालमधील हावड्यात आढळला आणि २७ मार्च २०१४ रोजी भारत पोलिओमुक्त जाहीर झाला. तरीही मोहीम थांबवता येत नाही. चीन २००० साली पोलिओमुक्त ठरला होता. २०११ मध्ये पाकिस्तानातून आलेल्या विषाणूमुळे तिथल्या शिनजियांग प्रांतात पुन्हा रुग्ण आढळले.

भारताच्या पोलिओमुक्तीचे यश बूथवर बसणाऱ्या आशा आणि अंगणवाडी सेविकांच्या कष्टाचे आहे. त्यांना पुरेसे प्रशिक्षण आणि देखरेखीचा आधार मिळालाच पाहिजे. थेंब पाजण्याआधी कुपीवरचे लेबल आणि उष्णता दाखवणारी खूण तपासणे, सॅनिटायझर लसीच्या टेबलापासून दूर ठेवणे, एवढी शिस्त प्रत्येक बूथवर हवी. आईबापांनी विश्वासाने पुढे केलेल्या लेकरांचा तो हक्क आहे.