खाऱ्या विहिरींचे सरकारी दप्तर
(आकाशवाणीवरील भाषणाचा संपादित भाग)

मंडळी, आमच्या अकोल्यात जठारपेठेतल्या नळाला येते ते पाणी काटेपूर्णेचे, महानच्या धरणातले. ते गोड आहे. पण शहर सोडून उत्तरेला अकोटच्या वाटेने थोडे पुढे गेले की विहिरीच्या पाण्याची चव पालटते. त्या पाण्यात डाळ शिजत नाही, साबणाला फेस येत नाही आणि तांब्याभर प्याले तरी तहान तशीच राहते. हा आपला खारपाणपट्टा. अमरावती, अकोला आणि बुलडाणा या तीन जिल्ह्यांत मिळून सुमारे ४७०० चौरस किलोमीटरचा.

समुद्र तर शेकडो मैल दूर. मग हे मीठ आले कोठून? हा प्रश्न आपल्या आज्या-पणज्यांना पडला, तसा तो सरकारलाही पडला. सरकारने त्याचे उत्तर कसे शोधले, आणि त्या शोधाचा गावाला किती उपयोग झाला, एवढेच आज पाहू.

वऱ्हाड १८५३ साली निजामाकडून इंग्रजांच्या ताब्यात गेले. त्याच्या दोनच वर्षे आधी कलकत्त्याला भूवैज्ञानिक सर्वेक्षण खाते स्थापन झाले होते. या खात्याच्या ब्लॅनफर्डसाहेबांचा तापी आणि नर्मदा खोऱ्यांवरचा अहवाल १८६९ साली छापला गेला. त्याच सुमारास विन नावाच्या अधिकाऱ्याने पूर्णेच्या खोऱ्याची नोंद केली. १८७० साली लायल यांचे वऱ्हाडचे गॅझेटियर आले. खाऱ्या विहिरींच्या पाण्यापासून या खोऱ्यात पूर्वी मीठही काढत असत. सरकारचे लक्ष तेव्हा जमीन, महसूल आणि कापूस यांवर होते. १८६७ साली रेल्वे नागपूरपर्यंत पोचली होती, आणि कापसाच्या गाठी मुंबईकडे निघाल्या होत्या. विहिरीचे पाणी खारे आहे हे कागदावर आले, पण ते पिणाऱ्या माणसाची तहान हा त्या अभ्यासाचा विषय नव्हता.

स्वातंत्र्यानंतर प्रश्न बदलला. महाराष्ट्र राज्य झाल्यावर बर्वे आयोगाने १९६२ साली सिंचनाचा अहवाल दिला. त्यात भर मुख्यतः नद्या आणि धरणांवर होता. जमिनीखालच्या पाण्यासाठी स्वतंत्र यंत्रणा उभी राहिली ती १९७२ साली. भूजल सर्वेक्षण आणि विकास यंत्रणा ती हीच. आणि तेच साल दुष्काळाचे! गावोगावच्या काही विहिरी निरीक्षणासाठी ठरवण्यात आल्या आणि वर्षातून चार वेळा, जानेवारी, मार्च, मे आणि ऑक्टोबरमध्ये, त्यांच्या पाण्याची पातळी मोजली जाऊ लागली. हे काम दिसायला साधे. दोर सोडायचा, आकडा लिहायचा. पण वर्षानुवर्षे लिहिलेले आकडे एकत्र ठेवले की जमीन बोलू लागते.

ती काय बोलली? सातपुडा आणि अजिंठ्याच्या डोंगरांमध्ये पूर्णेचे खोरे खचलेले आहे. त्या खळग्यात नदीने शेकडो फूट गाळ आणून भरला. गाळ बारीक, चिकणमातीचा. पाणी त्यातून सहजासहजी वाहून जात नाही. पाऊस बेताचा, उन्हाळा कडक. पाणी उडून जाते, क्षार मागे राहतात. शतकानुशतके हेच चालले. म्हणजे खारेपणा मातीच्या घडणीतच आहे, कोणाच्या शापाचा नाही. पिण्याच्या पाण्यात विरघळलेले क्षार लिटरला ५०० मिलिग्रॅमपर्यंत असावेत, आणि दुसरी सोयच नसेल तर २००० पर्यंत चालवून घ्यावे, असे भारतीय मानक सांगते. या पट्ट्यातल्या कित्येक विहिरी ती शेवटची मर्यादाही ओलांडतात.

पुढे १९९९ साली चितळे आयोगाने राज्याच्या पाच खोऱ्यांचा आणि पंचवीस उपखोऱ्यांचा आढावा घेतला. तापीच्या खोऱ्यात आपली पूर्णा त्यात आलीच. अकोल्याच्या पंजाबराव देशमुख कृषी विद्यापीठाने या जमिनींवर काम केले. पावसाचे पाणी शेततळ्यात साठवा, क्षारांनी घट्ट झालेल्या जमिनीला जिप्सम द्या, हे उपाय शेतकऱ्यांपर्यंत आले. २०१८ साली सुरू झालेल्या कृषी संजीवनी प्रकल्पात या पट्ट्यातली ९३२ गावे घेतली गेली. वान धरणाचे गोडे पाणी नळाने अकोट भागातल्या खेड्यांत गेले. हे सारे मोलाचेच आहे.

तरी एक गोष्ट खटकते. विहीर गावात, आणि तिचा इतिहास मात्र खात्याच्या दप्तरात! ज्या बाईने आयुष्यभर त्या विहिरीतून घागरी भरल्या, तिला त्या पाण्यात किती क्षार आहेत हे कोणी सांगितले का? ग्रामपंचायतीच्या भिंतीवर करवसुलीची यादी लागते, मग गावच्या विहिरीची पातळी आणि पाण्याची तपासणी का लागू नये? बोअर पाडायला निघालेल्या शेतकऱ्याने ती भिंत वाचली, तर खाऱ्या पाण्यासाठी होणारे त्याचे कर्ज टळेल. दीडशे वर्षे सरकारने आपल्या पाण्याची चौकशी केली. आता ती चौकशी गावाच्या हाती यावी, गावाच्या भाषेत आणि मोठ्या अक्षरांत.