दिनविशेष : ११ मे – सदाशिव अमरापूरकर

मराठी-हिंदी रंगभूमी, चित्रपट आणि दूरदर्शन गाजवणारे चतुरस्र चरित्र अभिनेते सदाशिव अमरापूरकर यांचा जन्म ११ मे १९५० रोजी अहमदनगर (आता अहिल्यानगर) येथे झाला. मूळ नाव गणेशकुमार नरवोडे. ‘हँड्स अप’ या मराठी नाटकातील त्यांचे काम पाहून गोविंद निहलानी यांनी ‘अर्धसत्य’मध्ये (१९८३) त्यांना रामा शेट्टीची भूमिका दिली. या भूमिकेत आरडाओरडा नाही, हातवारे नाहीत. थंड नजर आणि संथ शब्द एवढ्यावर त्यांनी प्रेक्षकांना धडकी भरवली. रामा शेट्टीच्या भूमिकेला सहायक अभिनेत्याचा, तर ‘सडक’मधील (१९९१) महाराणीच्या भूमिकेला खलनायकाचा फिल्मफेअर पुरस्कार मिळाला. तेच अमरापूरकर ‘२२ जून १८९७’मध्ये लोकमान्य टिळक आणि ‘भारत एक खोज’ मालिकेत महात्मा फुले झाले. ‘आँखें’, ‘इश्क’मध्ये त्यांनी पोट धरून हसायलाही लावले.

२०१३ च्या दुष्काळात होळीतील पाण्याच्या नासाडीला त्यांनी मुंबईत विरोध केला. ३ नोव्हेंबर २०१४ रोजी त्यांचे निधन झाले. स्नेहसंमेलनाच्या रंगमंचावर पहिल्यांदा उभे राहणाऱ्या मुलामुलींनी रामा शेट्टी आणि महात्मा फुले या त्यांच्या दोन भूमिका आवर्जून पाहाव्यात.