वळ्ळियम्माचा नातू

मुंबईहून चेन्नईस जाणारी आगगाडी प्रवासाच्या अखेरच्या टप्प्यात अरक्कोणम जंक्शनावरून जाते. तेथून चेन्नई सुमारे ७० किलोमीटर. वाटेत तिरुवळ्ळूर, आवडी, अंबत्तूर ही स्थानके लागतात. ओरगडम ही वस्ती अंबत्तूरलगतचीच. या मार्गाने रोज हजारो माणसे पोटासाठी महानगरात जातात. अरक्कोणमचा एक तरुण याच महानगरात कवी म्हणून नावारूपास आला, आणि येताना त्याने आजीच्या आठवणींची शिदोरी बरोबर आणली. अरिवरसु कलैनेसन हे त्याचे पूर्ण नाव. तमिळ जगत् त्याला ‘अरिवु’ या नावाने ओळखते. शिक्षणाने तो अभियंता, वृत्तीने कवी आणि व्यवसायाने रॅपर.

रॅप म्हणजे ठेक्यावर बोलल्यासारखे म्हणावयाचे यमकबद्ध काव्य. न्यूयॉर्कच्या ब्राँक्स भागात, ऑगस्ट १९७३ मधल्या एका घरगुती समारंभात, या कलेचा उगम झाला असे मानण्याचा प्रघात आहे. ज्यांच्यापाशी वाद्यवृंद नव्हता, संगीतशाळेचे शिक्षण नव्हते, त्यांनी जुन्या ध्वनिमुद्रिकांतले ठेके उचलून त्यांवर आपले शब्द बसविले. मराठी माणसाला यात परके असे फारसे काही नाही. डफ-तुणतुण्याच्या साथीने श्वास न मोडता प्रसंगामागून प्रसंग सांगत जाणारा पोवाडेकार याच जातकुळीचा. सत्यशोधकांचे जलसे, आंबेडकरी जलसे, आणि १९४४ मध्ये अण्णाभाऊ साठे, अमर शेख व द. ना. गव्हाणकर यांनी उभारलेले लाल बावटा कलापथक हे सारे त्याच वाटेवरचे प्रवासी होत.

तमिळनाडूत मात्र नव्या गायकापुढे एक मोठी भिंत उभी असे, आणि ती म्हणजे चित्रपट. लोकांच्या ओठी बसणारे गाणे बहुधा चित्रपटाचेच. उत्तर चेन्नईच्या वस्त्यांतले ‘गाना’ हे लोकगीत दीर्घकाळ मृताच्या दारी आणि गल्लीबोळांत राहिले. प्रतिष्ठित सभागृहांची दारे त्याला सहसा उघडली नाहीत. दिग्दर्शक पा. रंजित आणि संगीतकार तेन्मा यांनी २०१७ मध्ये ‘द कास्टलेस कलेक्टिव्ह’ हा वाद्यवृंद उभारला आणि जानेवारी २०१८ मध्ये चेन्नईत त्याचा पहिला प्रयोग झाला, तेव्हा गाना गाणारे आणि रॅप म्हणणारे एकाच रंगमंचावर आले. वृंदाचे नाव पंडित अयोत्तिदास (१८४५–१९१४) यांच्या ‘जातिभेदरहित तमिळ’ या संकल्पनेवरून घेतलेले आहे. अयोत्तिदासांनी १८९८ मध्ये सिंहलद्वीपात बौद्ध धर्माची दीक्षा घेतली होती. नागपूरच्या धर्मांतराच्या ५८ वर्षे आधी. या वृंदात अरिवुला आपला आवाज सापडला. त्याच वर्षी धारावीच्या पार्श्वभूमीवरील ‘काला’ या रजनीकांतच्या चित्रपटासाठी त्याने गीतलेखन केले. त्या चित्रपटाचे संगीत संतोष नारायणन यांचे होते.

तथापि चित्रपटाची दारे उघडल्यावरही त्याने स्वतंत्र वाट सोडली नाही. २०१९ मध्ये संगीतकार ऑफ्रो याच्यासह त्याने ‘तेरुक्कुरल’ हा गीतसंग्रह प्रसिद्ध केला. तेरु म्हणजे रस्ता, कुरल म्हणजे आवाज. आणि उच्चारताना ‘तिरुक्कुरळ’ या प्राचीन ग्रंथाची सहज आठवण व्हावी अशी ही नामयोजना. येथे ‘स्वतंत्र’ या शब्दाचा व्यावहारिक अर्थ ध्यानी घ्यावयास हवा. एक संगणक, एक ध्वनिग्राहक आणि ठेका रचणारा एक सहकारी एवढ्या सामग्रीवर आज गाणे सिद्ध होते. निर्मात्याची मर्जी सांभाळावी लागत नाही, म्हणून चित्रपटात सहसा न चालणारे राजकीय आणि सामाजिक विषय तेथे मोकळेपणाने येऊ शकतात.

अरिवुच्या सर्वांत गाजलेल्या गाण्याचे मूळ मात्र रस्त्यात नाही, चहाच्या मळ्यात आहे. एकोणिसाव्या शतकात ब्रिटिश मळेवाल्यांनी सिंहलद्वीपात प्रथम कॉफीची आणि कॉफीवर रोग पडल्यावर चहाची लागवड केली. त्यासाठी लागणारे हात तमिळ प्रदेशातल्या भूमिहीन कुटुंबांतून नेले गेले. तीन-चार पिढ्या त्या डोंगरउतारांवर राबल्या. पण १९४८ मध्ये स्वतंत्र सिलोनने नागरिकत्वाचा कायदा केला आणि यांतील बहुसंख्य माणसे कोणत्याच देशाची उरली नाहीत. ऑक्टोबर १९६४ मध्ये लालबहादूर शास्त्री आणि सिरिमाओ बंदरनायके यांच्यात करार झाला. ९ लाख ७५ हजार माणसांपैकी ५ लाख २५ हजार भारताने घ्यावीत, ३ लाख सिलोनने ठेवावीत. उरलेल्या दीड लाखांचा निर्णय पुढे १९७४ मध्ये निम्मानिम असा झाला. दप्तरात आकडे बिनचूक असतात. मात्र कोणाच्या वाटणीला कोणते दुःख आले, हे नोंदविण्यासाठी त्यात रकाना नसतो. अरिवुची आजी वळ्ळियम्माळ ही या मळ्यांत राबून परतलेल्यांपैकी एक.

तिच्या आठवणींतून ‘एंजॉय एंजामी’ हे गीत जन्मास आले. ‘एंजामी’ म्हणजे माझा स्वामी. भूमिहीनाने मालकाला घालावयाची ही साद. पण त्याच शब्दाने आजी नातवालाही लाडाने हाक मारते. एकाच शब्दात लाचारी आणि माया एकत्र नांदावी, हे त्या समाजाच्या इतिहासाचे सारच होय. मार्च २०२१ मध्ये धी आणि अरिवु यांच्या आवाजात व संतोष नारायणन यांच्या संगीतयोजनेत ते प्रसिद्ध झाले आणि कोट्यवधी लोकांनी ऐकले.

यानंतरचा प्रसंग कटू आहे. ऑगस्ट २०२१ मध्ये एका संगीतविषयक नियतकालिकाच्या मुखपृष्ठावर त्या गीताचा गौरव झाला, पण तेथे अरिवुचे चित्र नव्हते. पा. रंजित यांनी जाहीर आक्षेप घेतल्यावर नियतकालिकाने त्याचे स्वतंत्र मुखपृष्ठ काढले. जुलै २०२२ मध्ये चेन्नईतील बुद्धिबळ ऑलिम्पियाडच्या उद्घाटनात हे गीत अरिवुवाचून सादर झाले. गीताचे शब्द, चाल आणि गायन यांत आपला वाटा किती, हे त्याने त्यानंतर जाहीरपणे मांडले. चाल तिघांनी मिळून सिद्ध केली आणि उत्पन्नातही तिघांचा समान वाटा आहे, असे उत्तर संतोष नारायणन यांनी दिले. निवाडा करणे हे इतिहासलेखकाचे काम नव्हे; प्रश्न मात्र जुना आहे. शब्द एकाचे, ठेका दुसऱ्याचा, आवाज तिसऱ्याचा असेल, तर गाणे कोणाचे?

आपल्या शाहिरांनी यावर एक साधा तोडगा काढला होता. लावणीच्या अखेरच्या चरणात ते आपली नाममुद्रा गुंफीत. ती काढावयाची तर गाणेच मोडावे लागे. होनाजी कवने रची आणि बाळा ती गाई. म्हणून दोघांचे मिळून ‘होनाजी बाळा’ असे एकच नाव झाले आणि रचणारा व गाणारा दोघेही लोकस्मृतीत टिकले. पडद्यावर धावणाऱ्या नामावळीला आणि करारपत्रांच्या कलमांना एवढे बळ नसते.

२०२४ मध्ये अरिवुचा पुढचा संग्रह आला. त्याचे नाव ‘वळ्ळियम्मा पेरांडी’, अर्थात वळ्ळियम्माचा नातू. कवीने येथे आपली मुद्रा शेवटच्या चरणापर्यंत राखून न ठेवता मुखपृष्ठावरच उमटविली; आणि त्या मुद्रेत आपल्या नावाच्या जागी आजीचे नाव घातले. दोन सरकारांच्या दप्तरांत जी लाखांतली एक संख्या होती, तिचे नाव आता ते गीत ऐकणाऱ्या प्रत्येकाला ठाऊक झाले आहे.