तलवारीचं माहेर

1996 साली अमेरिकेतल्या ‘नेक्रोनॉमिकॉन प्रेस’ या छोट्या प्रकाशनसंस्थेनं ‘फार अवे अँड नेव्हर’ हा कथासंग्रह काढला. लेखक रॅम्झी कॅम्पबेल, लिव्हरपूलचा, इंग्रजी भयकथेतलं फार मोठं नाव. त्याच्या कथांतली भीती एरवी शहरातल्या ओळखीच्या गल्ल्यांत आणि घरांत राहते. या संग्रहात मात्र टाँड नावाचं कल्पित जग आहे आणि रायर नावाचा भटका तलवारबाज आहे. भयकथाकारानं तलवार का उचलली? याचा माग काढत गेलं, की वेगळीच गोष्ट हाती लागते. तलवार आणि चेटूक यांच्या या कथाप्रकाराचा जन्मच भयकथेच्या घरात झालेला आहे.

ते घर म्हणजे ‘विअर्ड टेल्स’ हे मासिक. 1923 साली शिकागोत ते सुरू झालं. भुतंखेतं, शाप, थडग्यातून उठणारी प्रेतं हा त्याचा रोजचा शिधा. टेक्सासमधल्या क्रॉस प्लेन्स या लहान गावातून रॉबर्ट हॉवर्ड त्यात कथा पाठवू लागला. 1928 मध्ये त्यानं सॉलोमन केन हा तलवारबाज नायक आणला, 1929 मध्ये राजा कुल आणि डिसेंबर 1932 मध्ये कोनन. 1930 पासून त्याचा भयकथाकार एच. पी. लव्हक्राफ्टशी पत्रव्यवहार सुरू झाला. दोघांची भेट कधीच झाली नाही, पण पत्रं मात्र हॉवर्डच्या मृत्यूपर्यंत, म्हणजे 1936 पर्यंत चालली. त्याच मासिकात सी. एल. मूर या लेखिकेनं 1934 मध्ये जिरेल ही तलवार चालवणारी नायिका उभी केली.

कोननच्या नावाबरोबर पिळदार दंड डोळ्यांपुढे येतात. मूळ कथेत काय आहे ते पाहावं. ‘द टॉवर ऑफ द एलिफंट’ या 1933 च्या कथेत कोनन चोरी करायला रात्री एका मनोऱ्यात शिरतो. आत बसलेली मूर्ती अचानक हलते. माणसाच्या धडावर हत्तीचं मस्तक. आपल्याला गणपतीच आठवावा असं रूप, पण हा जीव परग्रहावरून आलेला, आंधळा, एका मांत्रिकानं छळून पंगू केलेला. आधी कोनन भीतीनं गोठतो, मग त्याला त्या जिवाची दया येते. तो त्याच्याच विनंतीवरून त्याला मुक्त करतो आणि मांत्रिकावरचा त्याचा सूड पूर्ण करतो. या कथेचा कणा आहे अज्ञातासमोर उभं राहिलेल्या माणसाचं भय. तलवार त्या माणसाच्या हातात आहे, एवढंच.

या कथाप्रकाराला नाव मिळालं ते फार उशिरा. 1961 मध्ये मायकेल मूरकॉक या लेखकानं या कथांना काय म्हणावं असा प्रश्न मांडला आणि फ्रिट्झ लायबर या दुसऱ्या लेखकानं ‘सोर्ड अँड सॉर्सरी’ हे नाव सुचवलं. पुढे 1966 पासून चित्रकार फ्रँक फ्रॅझेटाच्या मुखपृष्ठांसह कोननची पेपरबॅक पुस्तकं निघाली, 1970 मध्ये मार्व्हलचं कोननवरचं कॉमिक आलं. चित्रांतले स्नायू वाचकांच्या मनात ठसले आणि भय मागे पडलं.

कॅम्पबेलचं बालपण मात्र भयाशीच बांधलेलं. आईवडिलांचं पटत नव्हतं. वडील त्याच घरात राहायचे, पण मुलाला अनेक वर्षं दिसत नसत. जिन्यावर ऐकू यायची ती त्यांची पावलं. किशोरवयात त्यानं लव्हक्राफ्टच्या वळणावर कथा लिहून प्रकाशक ऑगस्ट डर्लेथकडे पाठवल्या. डर्लेथनं सांगितलं, लव्हक्राफ्टचं उसनं मॅसॅच्युसेट्स सोड, आपल्या इंग्लंडमध्ये लिही. 1964 मध्ये, अठराव्या वर्षी, त्याचं पहिलं पुस्तक आलं.

सत्तरच्या दशकात तलवारीची लाट जोरात होती. अँड्र्यू ऑफट यानं 1977 ते 1979 या काळात ‘सोर्ड्स अगेन्स्ट डार्कनेस’चे पाच खंड संपादित केले. रायरच्या चार कथा त्यांतच आल्या. त्याच सुमारास कॅम्पबेलनं हॉवर्डच्या सॉलोमन केनच्या तीन अपुऱ्या कथा पूर्ण केल्या. पूर्वजाचं अर्धवट राहिलेलं काम वारसानं हाती घ्यावं, तसं हे झालं.

रायरच्या कथांत हा वारसा स्पष्ट दिसतो. ‘द चेंजर ऑफ नेम्स’मध्ये वीराचं नाव हीच त्याच्या पराक्रमाची ठेव आहे, आणि ते नाव दुसऱ्याला देता येतं. नाव गेलं तर माणूस म्हणून काय उरतं? या भीतीवर तलवार चालत नाही. रायर बलवान आहे, पण ते बळ त्याला पुरं पडेल याची खात्री लेखक आपल्याला एकदाही देत नाही.

म्हणून मला हा संग्रह मोलाचा वाटतो. रायरच्या कथा लिहिताना कॅम्पबेल परक्या प्रांतात गेला नव्हता. बाजारानं दूर नेलेला कथाप्रकार त्यानं माहेरी आणला. यापुढे कोननची कथा हाती घ्याल, तेव्हा मुखपृष्ठ उलटून ठेवा आणि ती भयकथा म्हणून वाचा.