वर्षारंभाचं गाजर आणि बायकांच्या वह्या

मागच्या महिन्यात आमच्या बचत गटाच्या बैठकीत आम्ही एक परदेशी पदार्थ करून पाहिला. गाजर, रताळी, सुकलेली फळं आणि मध, सगळं एकाच पातेल्यात मंद आचेवर शिजवलेलं. पहिला घास घेतल्यावर एका काकूंनी विचारलं, "ही भाजी म्हणायची का गोडधोड?" दुसरी म्हणाली, "भाजीच, पण लग्नाला निघालेली!" सगळ्या हसल्या. पण पातेलं मात्र चाटूनपुसून रिकामं झालं.

या पदार्थाचं नाव त्सिमेस. पूर्व युरोपातल्या ज्यू बायकांचा हा सणाचा पदार्थ. आज त्याची गोष्ट सांगायची आहे. ती स्वयंपाकाची आहे, तशीच बायकांनी जपून ठेवलेल्या माहितीचीही आहे. शेवटी ती आपल्या गटापर्यंत येते, म्हणून जरा धीरानं ऐका.

पोलंड, लिथुआनिया, युक्रेन या भागांत शेकडो वर्षं ज्यू लोकांची मोठी वस्ती होती. घरात ते यिडिश बोलत. ही भाषा मुळात जर्मनसारखी, त्यात हिब्रू आणि आसपासच्या भाषांतले शब्द मिसळलेले, आणि लिहायची हिब्रू लिपीत. रशियाच्या राणीनं, दुसऱ्या कॅथरीननं, 1791 साली हुकूम काढून ज्यूंनी साम्राज्याच्या पश्चिमेकडच्या ठरावीक पट्ट्यातच राहावं असं बंधन घालायला सुरुवात केली. ते बंधन 1917 पर्यंत टिकलं. बहुतेकांना शेतजमीन नव्हती. कोणी शिंपी, कोणी चांभार, कोणी फेरीवाला. अनेक घरांत बाईच बाजारात पाटी मांडून बसायची आणि घर चालवायची. हे आपल्याला वेगळं समजावून सांगायला नकोच.

त्या भागात हिवाळा लांबलचक. बर्फ पडलं की हिरवी भाजी दिसायची नाही. तळघरात साठवून टिकतील अशा भाज्याच हाताशी उरायच्या, म्हणजे गाजर, बीट, सलगम आणि पुढे बटाटा. उन्हाळ्यातले आलुबुखार आणि नासपती सुकवून ठेवलेले असायचे. मध महाग होता. एकोणिसाव्या शतकात बिटापासून साखर काढायचे कारखाने निघाले आणि साखर हळूहळू गरिबाच्या घरातही आली. पोलंडकडच्या ज्यू बायका तर भरल्या माशातही साखर घालू लागल्या. लिथुआनियाकडच्या बायका मात्र माशाला मिरीच लावत राहिल्या. कोणाच्या माशाची चव बरोबर, यावर दोन्हीकडच्या घरांत पिढ्यान्‌पिढ्या वाद चालत आला. आपल्याकडे आमटीत गूळ घालायचा की नाही यावर घाट आणि कोकण कधी एकमत झालेत का?

मग एवढ्या भाज्यांतून सणासाठी गाजरच का निवडलं? याचं उत्तर शब्दात आहे. ज्यूंचं नवं वर्ष सप्टेंबर-ऑक्टोबरात येतं, त्याला रोश हशाना म्हणतात. त्यांचे महिनेही चंद्रावर चालतात, त्यामुळे हा सण पुष्कळदा आपल्या घटस्थापनेच्या आगेमागेच पडतो. या दिवशी शुभ नावांचे पदार्थ खायची चाल फार जुनी आहे. तालमूद नावाच्या त्यांच्या प्राचीन धर्मग्रंथात वर्षारंभाच्या संदर्भात भोपळा, मेथी, कांद्यासारखी पात, बीट आणि खजूर ही नावं आली आहेत. यिडिश भाषेत गाजराला 'मेरन' म्हणतात, आणि 'मेरन' म्हणजेच वाढणं, जास्त होणं. आमचं पुण्य वाढो, घर वाढो, म्हणून पानात गाजर. शिवाय गाजराच्या गोल चकत्या सोन्याच्या मोहरांसारख्या दिसतात. ज्याच्या घरात मोहरा नाहीत त्यानं निदान ताटात तरी त्या पाहाव्यात!

आपल्या मराठीतही गंमत पाहा. पानात वाढणं आणि पोर वाढणं, दोन्हीला शब्द एकच. ही यिडिशमधली कोटी म्हणूनच आपल्या बायकांना चटकन कळली.

आता हा पदार्थ मंद आचेवरच का करतात ते सांगते. ज्यू धर्मात शुक्रवारी सूर्यास्तापासून शनिवारी रात्री चांदण्या दिसेपर्यंत शब्बाथ पाळतात. त्या काळात काम करायचं नाही, विस्तव पेटवायचा नाही, स्वयंपाक करायचा नाही. म्हणून बायका शुक्रवारी दिवस मावळायच्या आत सगळं उरकत. शनिवारच्या जेवणाचं भांडं गावातल्या पाववाल्याच्या भट्टीत ठेवून यायचं आणि दुसऱ्या दिवशी गरम गरम घरी आणायचं, अशी अनेक गावांत रीत होती. अशा रीतीतून रात्रभर निवांत शिजणारे पदार्थ तयार झाले. त्सिमेसही त्याच सवयीतला. ऐपत असेल तर त्यात मांसाचा तुकडा घालत. त्यांच्या धर्मात मांस आणि दूध एकत्र चालत नाही, म्हणून लोणी-तुपाऐवजी कोंबडीची किंवा हंसाची चरबी वापरत.

या पदार्थात निवडणं, सोलणं, चिरणं फार. म्हणून की काय, यिडिशमध्ये कोणी लहानशा गोष्टीचा मोठा गाजावाजा केला की म्हणतात, 'त्सिमेस केलंस'. आपण राईचा पर्वत म्हणतो, तसंच.

1881 साली रशियाचा झार मारला गेला आणि ज्यू वस्त्यांवर हल्ले सुरू झाले. तेव्हापासून 1924 पर्यंत वीस लाखांहून जास्त ज्यू पूर्व युरोप सोडून अमेरिकेत गेले. जहाजातून उतरलेल्या बायकांना तिथे रताळी मिळाली. रताळं मूळचं अमेरिका खंडातलंच. त्यांनी ते त्सिमेसमध्ये टाकलं आणि आज तिथल्या अनेक घरांत रताळ्याशिवाय त्सिमेस होतच नाही. म्हणजे पदार्थ गाव सोडून गेला आणि जिथे गेला तिथली भाजी त्यानं आपली मानली.

याच काळातली एक हकीकत खास आपल्यासाठी. अमेरिकेतल्या मिलवॉकी शहरात लिझी ब्लॅक कँडर नावाची ज्यू बाई होती. नव्यानं आलेल्या कुटुंबांतल्या मुलींना ती एका केंद्रात स्वयंपाक शिकवायची. मुलींचा निम्मा वेळ फळ्यावरच्या कृती उतरवून घेण्यात जायचा. तिला वाटलं, या कृती छापून द्याव्यात. त्यासाठी तिनं केंद्राच्या पुरुष पंचांकडे 18 डॉलर मागितले. पंचांनी नाही म्हटलं. तुमच्या या छोट्याशा उद्योगात नफा झाला तर आम्हाला वाटा द्या, असंही वर गमतीनं म्हणाले. बाई थांबली नाही. मैत्रिणींना सोबत घेऊन तिनं जाहिराती मिळवल्या आणि 1901 साली पुस्तकाच्या 1000 प्रती छापल्या. त्या संपल्या, मग पुन्हा छापल्या. पुढे या पुस्तकाच्या सुमारे वीस लाख प्रती खपल्या. केंद्राची नवी इमारत उभी राहिली तीही याच नफ्याच्या आधारानं. बँकेच्या खिडकीवर 'बायकांना कशाला कर्ज' हे ज्यांनी ऐकलंय, त्यांनी हे 18 डॉलर लक्षात ठेवावेत.

दुसरी हकीकत सांगताना मात्र आमचा आवाज जड होतो. दुसऱ्या महायुद्धात हिटलरच्या राजवटीनं साठ लाख ज्यूंना मारलं. चेक देशात तेरेझिन नावाची त्यांची एक छावणी होती. तिथे उपाशी बायका एकमेकींना आपल्या घरच्या कृती सांगायच्या आणि मिळेल त्या कागदावर लिहून ठेवायच्या. हाताशी पीठ नव्हतं, लोणी नव्हतं, फक्त आठवण होती. काही कृतींत जिन्नस राहून गेलेत, काहींत पायऱ्या. भुकेल्या माणसाची आठवण ती. मिना पॅख्टर नावाच्या आजीनं हे कागद एका परिचिताकडे दिले आणि माझ्या मुलीला पोचव म्हणून सांगितलं. आजी 1944 साली छावणीतच गेल्या. ते कागद या हातातून त्या हातात फिरत तब्बल पंचवीस वर्षांनी, 1969 साली, न्यूयॉर्कला त्यांच्या मुलीच्या हाती पडले. 1996 साली त्यांचं पुस्तक झालं.

ज्यू म्हटलं की आपल्या रायगडकरांना परकं वाटू नये. बेने इस्राएल लोक शेकडो वर्षं आपल्याच गावांत राहिले. त्यांचे पूर्वज अलिबागजवळ नवगावच्या किनाऱ्याला फुटलेल्या जहाजातून वाचले, अशी त्यांची परंपरा सांगते. ते तेलाचे घाणे चालवत आणि शनिवारी घाणा बंद ठेवत, म्हणून त्यांना 'शनिवार तेली' म्हणत. त्यांची आडनावंही आपल्यासारखीच, किहीमकर, पेणकर, रोहेकर. घरात बोली मराठी. रोश हशानाला ते 'नव्याचा सण' म्हणत आणि एका उपासाला 'बिरड्याचा रोजा'. त्यांच्याकडे त्सिमेस नाही. नव्या वर्षाला ते गव्हाच्या चिकाचा हलवा करतात. मांसाच्या जेवणाबरोबर दूध चालत नाही हा नियम त्यांनाही आहे. तिथल्या बायकांनी हंसाची चरबी शोधली, आपल्याकडच्यांनी नारळाचं दूध. नियम तोच, फक्त परसातलं झाड वेगळं. 1948 नंतर बहुतेक कुटुंबं इस्राएलला गेली. अलिबागची इस्राएल आळी आणि तिथलं प्रार्थनामंदिर अजून आहे.

आता आम्ही केलेली कृती लिहून घ्या. दहा-बारा जणींसाठी एक किलो गाजरं सोलून गोल चकत्या करा. अर्धा किलो रताळ्यांच्या जाड फोडी. सुकवलेले आलुबुखार आणि बेदाणे मिळून एक वाटी. आलुबुखार न मिळाल्यास बी काढलेला खजूर चालतो. दोन मोठे चमचे तेल, तीन चमचे मध किंवा गूळ, दोन संत्र्यांचा रस, दालचिनीचा तुकडा आणि चवीपुरतं मीठ. मीठ विसरू नका, त्यानंच गोडी उठते. जाड बुडाच्या पातेल्यात तेलावर गाजर परता, मध, रस, दालचिनी, मीठ आणि वाटीभर पाणी घाला आणि झाकण ठेवून मंद आचेवर अर्धा तास शिजवा. मग रताळी आणि सुकी फळं घालून आणखी अर्धा तास. फार ढवळू नका, फोडी मोडतात. रस अंगाबरोबर आला की उतरवा.

शेवटी आमच्याच घरची गोष्ट. आमच्या गटात एक आजी होत्या. त्यांच्या हातच्या पोह्यांच्या पापडांवर आमची दिवाळीची मोठी ऑर्डर चालायची. पापडखार किती, हे आम्ही विचारलं की त्या म्हणायच्या, "अगं, अंदाजानं." आम्हीही हसून सोडून द्यायचो. गेल्या वर्षी आजी गेल्या. आम्ही तीन वेळा पीठ मळलं, तिन्ही वेळा पापड चिरले. ऑर्डर परत गेली. पैसे गेले त्याचं दुःख झालंच, पण त्याहून जास्त लागलं ते वेगळं. आजी रोज आमच्यासमोर बसत होत्या, आणि आमच्या पिशवीत वही होती. फक्त कर्जाच्या हप्त्यांची.

त्या बैठकीत त्सिमेसचं पातेलं रिकामं झाल्यावर आम्ही एक नवी वही आणली. पहिल्या पानावर त्सिमेस लिहिलं. दुसऱ्या पानासाठी गटातल्या सर्वांत वयस्क काकूंना बोलावलं, त्यांच्यापुढे वजनकाटा ठेवला आणि सांगितलं, "काकू, तुमचा अंदाज या काट्यावर टाका." काकूंनी मूठभर पीठ टाकलं. काटा 60 ग्रॅमवर थांबला. काकू म्हणाल्या, "इतकी वर्षं मला माहीतच नव्हतं."

तुमच्या गटातही अशी एक मूठ असेल. पुढच्या बैठकीला वही आणि काटा, दोन्ही घेऊन जा.